जुना फोन आणि त्यातील नोंदी

पेढीवरचा जुना फोन अजून वाजतो, बोलतो. मग तो टाकावा कशाला, हा काटकसरी मनाचा प्रश्न रास्तच आहे. मात्र संदेशांचे ॲप फोनमधील प्रणालीच्या आधारावर चालते. विंडोज फोनवरील व्हॉट्सॲपचा आधार ३१ डिसेंबर २०१९ रोजी संपला. २४ ऑक्टोबर २०२३ पासून ५.० पूर्वीच्या अँड्रॉइडचाही संपला.

अशा वेळी कोणी ॲपची जुनी किंवा बदललेली आवृत्ती बसवून देऊ करतो. जुन्या आवृत्तीला तिची स्वतःची मुदत असते. बदललेल्या आवृत्तीमुळे खाते बंद होऊ शकते आणि ग्राहकांशी झालेला व्यवहार परक्या हाती जाण्याचा धोका राहतो.

खरी हानी फोनची नव्हे, तर भाव, मागणी आणि उधारीचे वायदे यांच्या नोंदींची होते. म्हणून ॲप चालू आहे तोवरच बॅकअप घ्यावा आणि महत्त्वाचे संवाद ‘एक्सपोर्ट चॅट’ने ईमेलवर पाठवून ठेवावेत. असा संवाद ॲपमध्ये परत घालता येत नाही, पण केव्हाही वाचता येतो. त्यानंतरच नव्या फोनवर तोच क्रमांक नोंदवावा. जुना फोन बोलण्यापुरता खुशाल वापरावा.

वही भरली की आपण नवी घालतो, पण जुनी रद्दीत देत नाही. येथेही रीत तीच.