मॉस्कोची बंदी रांजणांच्या पथ्यावर

रशिया की युरोप, यावरून तिबिलिसीच्या रस्त्यांवर पेटलेला वाद बातम्यांतून पोचतोच आहे. जॉर्जियात तो जमिनीखालीही सापडतो, पुरलेल्या रांजणांत.

क्वेव्री म्हणतात या रांजणांना. आपल्याकडे धान्याची पेवं असत, तशी तिथे वाइनची: अंडाकृती मातीचा रांजण, आतून मधमाश्यांच्या मेणाचा हात दिलेला, तोंडापर्यंत पुरलेला. द्राक्षं तुडवून रस ओततात तो साली-बियांसकट, काखेती प्रांतात देठांसकटही. फसफसताना वर येणारा चोथा दिवसातून अनेकदा दांड्याने खाली दाबायचा; मग झाकण लिंपून पाच-सहा महिने विसरायचं. बिया निमुळत्या तळाशी बसतात, वर सालींचा थर, म्हणून कडवटपणा बेताचाच उतरतो. पांढऱ्या द्राक्षांची वाइन निघते ती अंबरी आणि चांगली तुरट.

खरे कष्ट धुण्याचे. मोठ्या रांजणात माणूसच उतरतो आणि चेरीच्या सालीच्या घासणीने भिंती खरवडतो. जाहिरातीत तो सहसा नसतो.

‘आठ हजार वर्षांची अखंड परंपरा’ हे जॉर्जियाचं लाडकं वाक्य. आठ हजार ठीक: गदाच्रिली गोरा आणि शुलावेरी गोरा इथल्या इ.स.पू. ६०००-५८००च्या खापरांत पॅट्रिक मॅकगव्हर्न आणि सहकाऱ्यांना द्राक्षाच्या वाइनच्या खुणा मिळाल्या, २०१७ साली ते प्रसिद्ध झालं. ‘अखंड’ मात्र जपूनच घ्यावं. सोव्हिएत कारखान्यांनी पाचशेच्या वर देशी वाणांतले मोजकेच उचलले आणि रशियासाठी माल काढला. रांजण तगले ते घरोघरच्या ‘मारानी’त, म्हणजे वाइनच्या कोठारात, घरच्यापुरते.

मग २००६ मध्ये मॉस्कोने कीटकनाशकांचं निमित्त काढून जॉर्जियन वाइनवर बंदी घातली. निमित्तच ते! हुकमी बाजार गेला, आणि युरोप-अमेरिकेत आणखी एका स्वस्त वाइनला कोण विचारणार? तिथे वेगळं काही हवं होतं; ते अंगणात पुरलेलंच होतं. युनेस्कोच्या वारसा यादीत ही पद्धत आली २०१३ मध्ये, तोवर पाश्चात्त्य शौकिनांत क्वेव्रीची चर्चा सुरू झाली होती. श्रेय युनेस्कोपेक्षा बंदीला द्यावं लागेल.

गंमत म्हणजे २०१३ मध्येच बंदी उठली. आज सर्वांत मोठं गिऱ्हाईक पुन्हा रशियाच. रांजण करणारे मात्र मोजकेच: चाक नाही, हातानेच मातीच्या वळ्या चढवायच्या, खालची सुकल्याखेरीज वरची नाही, पुढे कित्येक दिवसांची भाजणी. जॉर्जियाच्या एकूण वाइनमध्ये क्वेव्रीचा वाटा किरकोळ आहे. निर्यातवाढीचे जे आकडे अभिमानाने सांगितले जातात, ते बहुतांशी कारखान्यांतल्या टाक्यांचे.