कोल्हापूरच्या भानूताई आणि ऑस्करची बाहुली

भानू अथैया मूळच्या राजोपाध्ये. जन्म १९२९, आपल्या निपाणीजवळच्या कोल्हापुरात, वडील चित्रकार. जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला शिकून त्या वेशभूषेकडे वळल्या. ‘सी.आय.डी.’पासून (१९५६) ‘लगान’पर्यंत त्यांनी शंभरावर चित्रपट केले. ‘गांधी’मध्ये आफ्रिकेतल्या सुटाबुटापासून पंचापर्यंतचा गांधीजींचा प्रवास कपड्यांतूनच कळतो. त्यासाठी १९८३ मध्ये जॉन मोलो यांच्यासह त्यांना ऑस्कर मिळाले. भारतीयाला मिळालेले ते पहिलेच. पण २०१२ मध्ये त्यांनी ती बाहुली जपणुकीसाठी अमेरिकेतल्या अकादमीकडेच परत सोपवली. रवींद्रनाथांचे नोबेल पदक शांतिनिकेतनातून २००४ मध्येच चोरीस गेले होते. नोकरीभर लोकांचे लॉकर सांभाळलेल्या आम्हांला त्यांची काळजी पटते, आणि लागतेही. भानूताई २०२० मध्ये मुंबईत वारल्या.