कुळाचे वारस आणि दाद मागण्याचे ठिकाण

वारणाकाठच्या गावांत अशी घरे पुष्कळ आढळतात, की जेथे आजा किंवा बाप कुळाने जमीन कसत होता, तो वारला, आणि सातबाऱ्यावर थोरल्या मुलाचे एकट्याचे नाव चढले. पुढे उसाचे बिलही त्याच्याच नावाने निघू लागले. धाकटा भाऊ, विधवा भावजय, सासरी गेलेली बहीण यांना आपला वाटा आठवतो तो अशा वेळी. मग दाद मागायची कोठे? कोणी सांगतो, तहसीलदाराकडे जा. कोणी म्हणतो, दिवाणी दावा लावा. चुकीच्या दारात वर्षे निघून जातात, आणि तेवढी वर्षे ऊस थोरल्याच्याच नावाने तुटत राहतो.

प्रथम मूळ कायदा पाहू. कोल्हापूर संस्थान 1 मार्च 1949 रोजी मुंबई प्रांतात विलीन झाले आणि 1948 चा कुळकायदा इकडेही आला. त्याच्या कलम 40 प्रमाणे कूळ मरण पावले तरी कुळवहिवाट मरत नाही. ती चालवण्यास राजी असणाऱ्या वारसांकडे त्याच अटींवर चालू राहते. हिंदू कुटुंबात 1956 च्या वारसा कायद्याने विधवा आणि मुलगी याही वारस ठरतात. सासरी गेली म्हणून बहिणीचे वारसपण जात नाही. 1 एप्रिल 1957 च्या कृषकदिनी पुष्कळ कुळे जमिनीची मालक झाली. पण जमीनमालक विधवा, अज्ञान किंवा अपंग असेल तेथे खरेदी पुढे ढकलली गेली, म्हणून हे वाद अजून संपलेले नाहीत.

आता अधिकाराचा प्रश्न. अमुक इसम कूळ आहे किंवा पूर्वी होता काय, हे ठरवण्याचे काम कलम 70 ने मामलेदारावर, म्हणजे आजच्या तहसीलदारावर सोपवले. आणि कलम 85 ने त्या प्रश्नापुरते दिवाणी कोर्टाचे दार बंद केले. परंतु ‘माझा हिस्सा ठरवून वाटप करून द्या’ ही भावाची मागणी निराळी. ती दिवाणी कोर्टाची. दोन्ही प्रश्न एकाच दाव्यात गुंतले तर कलम 85-अ उपयोगी पडते. कोर्टाने अशा वेळी दावा फेटाळायचा नसतो. कुळाचा मुद्दा तहसीलदाराकडे पाठवायचा, तोवर दावा तहकूब ठेवायचा, आणि निर्णय आल्यावर त्यास धरून पुढे चालवायचा. हे ठाऊक नसल्याने घाबरून दावा काढून घेणारे काही कमी नाहीत.

खरी गुंतागुंत पुढेच आहे. थोरला म्हणतो, ‘कूळ मी एकटा, खरेदीचा दाखला माझ्या नावाचा.’ कलम 32-म चा तो दाखला खरेदीचा निर्णायक पुरावा होय, यात शंका नाही. पण ती खरेदी जमीनमालकाकडून झालेली. कुळवहिवाट एकत्र कुटुंबाची होती काय आणि थोरल्याने कर्ता म्हणून पैसे भरले काय, हा घरातला प्रश्न त्या कागदाने आपोआप मिटत नाही. म्हणून अर्जातील शब्द जपून लिहावेत. ‘मी कूळ आहे असे ठरवा’ असे लिहिले की वाट तहसीलदाराकडे वळते. ‘बाप कूळ होता हे उभयतांस मान्य आहे, वाद फक्त हिश्शाचा आहे’ असे लिहिले की दिवाणी कोर्टाची वाट, माझ्या मते, पुष्कळच मोकळी होते.

गोंधळाचे आणखी एक कारण म्हणजे तहसीलदार स्वतः. वारसनोंदीवर तक्रार आली की ती मंडल अधिकाऱ्यापुढे किंवा त्याच्यापुढे चालते. कुळाचा अर्जही त्याच्याचपुढे. मेज एकच, अधिकार मात्र दोन. फेरफाराची नोंद ही सरकारी सारा कोणी भरावा यासाठी असते; तिच्याने मालकी येत नाही आणि जातही नाही. कुळकायद्याखालचा हुकूम मात्र हक्क ठरवतो, आणि त्याची शेवटची महसुली पायरी महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरण ही आहे. हातात पडलेला कागद यांपैकी कोणता, हे आधी वाचून घ्यावे.

आपल्याकडे नदीचाही प्रश्न असतो. वारणानगर पन्हाळा तालुक्यात; नदी ओलांडली की वाळवा तालुका आणि सांगली जिल्हा. एकाच घराची जमीन दोन्ही काठांवर असेल, तर वाटपाचा दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 17 प्रमाणे दोहोंपैकी कोणत्याही एका बाजूच्या कोर्टात सगळ्या जमिनीसाठी लावता येतो. पलीकडच्या तुकड्याबद्दल कुळाचा मुद्दा निघाला, तर तेवढा मुद्दा वाळव्याच्या तहसीलदाराकडे जाईल, आणि त्या तारखांना वारसांना पूल ओलांडावाच लागेल.