दोन चौकटींच्या मधले मुंबईकर

प्रायोगिक चित्रपट म्हणजे दुर्बोध प्रतिमांचा खेळ, असा समज बराच रूढ असला, तरी शहरावरील अशा चित्रपटांचा मूळ प्रश्न साधा असतो: पाहणारा कुठे उभा आहे आणि किती वेगाने पाहतो आहे, यावर समोरचा माणूस ‘कोणीतरी’ ठरतो की नुसता गर्दीचा भाग. मुंबईत हा प्रश्न धीटपणे विचारला गेला तो, काहीशा अनपेक्षितपणे, फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेत. बाहुलीपटांचे शिक्षण प्रागमध्ये घेतलेल्या प्रमोद पती यांनी १९७० साली केलेल्या ‘ट्रिप’ या सुमारे चार मिनिटांच्या लघुपटात ‘पिक्सिलेशन’ हे तंत्र वापरले. एरवी चित्रपटाच्या फितीवर सेकंदाला २४ चौकटी सलग टिपल्या जातात. पिक्सिलेशनमध्ये मात्र जिवंत माणसाला बाहुलीसारखे वागवून एक चौकट टिपायची, कॅमेरा थांबवायचा आणि माणूस थोडा सरकला की पुढची टिपायची, अशी रीत असल्याने मधले थबकणे, वळून पाहणे, पाय ओढत चालणे फितीवर उमटतच नाही. ओळखीचा माणूस लांबून चालीवरूनच ओळखू येतो. पतींनी मुंबईकराची नेमकी ती चाल काढून घेतली आणि मागे उरला तो शहराचा वेग. त्या काळी चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट दाखवणे सक्तीचे असल्याने नायकासाठी तिकीट काढणाऱ्यालाही या संस्थेचे काम पाहावेच लागे. आजच्या प्रयोगशील दिग्दर्शकाला हेवा वाटावा, अशीच ही सक्ती होती.

‘कॅम्प’ या मुंबईतील कलासमूहाने २०२२ साली ‘बॉम्बे टिल्ट्स डाउन’मध्ये उलट वाट धरली. ३५ मजली इमारतीवरील एकाच सीसीटीव्ही कॅमेऱ्याने, म्हणजे पाळतीसाठीच्या यंत्राने, नजर क्षितिजापासून सावकाश खाली उतरवत वस्त्यांपर्यंत आणली.

असाच कॅमेरा मुंबईला लागून असलेल्या मीरा-भाईंदरमधील काशीगावातल्या एखाद्या टॉवरच्या गच्चीवर बसवल्यास संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचे डोंगर, महामार्ग, मेट्रो मार्ग ९ चे खांब आणि माशाचा पाडा या वस्तीची छपरे एकाच उतरत्या नजरेत सापडू शकतील. पतींची रीत येथे महामार्गावरच रमेल. पाड्याच्या गल्लीत दारातल्या दारात पाणी भरणारी बाई त्या रीतीने दोन चौकटींच्या मधेच राहून जाईल.