मेणबत्ती आणि फिरतीं टेबलें

श्रोतेहो, विज्ञानावर भाषण करावयाचें आणि दाखवावयास हातांत कांहीं नाहीं, अशा अडचणींत मी या ध्वनिक्षेपकापुढें बसलों आहें. ज्या पुरुषाविषयीं आज सांगावयाचें आहे, त्याला ही अडचण मुळींच मानवली नसती. टेबलावर वस्तु मांडून ती जाळून, वितळवून, हलवून दाखवावी आणि मग बोलावें, अशी त्याची रीत. म्हणून आरंभींच एक विनंति करतों. आज रात्रीं जेवणें उरकल्यावर एक मेणबत्ती लावून ठेवा आणि मुलांना भोवतीं बसवा. तिचें काम पुढें पडणार आहे.

मायकेल फॅरडे हें नांव शाळेंत सर्वांनींच ऐकलेलें असतें. तारेच्या वेटोळ्यांत लोहचुंबक हलविला असतां वीज उत्पन्न होते, हें त्यानें १८३१ सालीं दाखविलें आणि पुढें विजेचीं मोठमोठीं जनित्रें याच तत्त्वावर उभीं राहिलीं. परंतु संशोधक फॅरडे हा आजचा विषय नव्हे. लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशन या संस्थेंत सुमारें तीन तपें सामान्य स्त्रीपुरुषांपुढें व मुलांपुढें उभा राहून शास्त्र समजावून देणारा फॅरडे, त्याच्याविषयीं मी बोलणार आहें.

तो स्वतः याच दारानें आंत आला होता. जन्म १७९१ सालचा, बाप लोहार, घरीं गरिबी. तेराव्या वर्षीं तो रीबो नांवाच्या पुस्तकविक्रेत्याकडे पोऱ्या म्हणून लागला आणि पुढें सात वर्षें तेथेंच पुस्तकबांधणीची उमेदवारी केली. बांधावयास आलेलीं पुस्तकें तो वाची. जेन मार्सेट या विदुषीनें संवादरूपानें लिहिलेलें रसायनशास्त्राचें पुस्तक त्यांतच त्याच्या हातीं आलें. टेटम नांवाच्या गृहस्थाच्या घरीं संध्याकाळीं पदार्थविज्ञानावर व्याख्यानें होत. एका व्याख्यानास एक शिलिंग पडे. ते पैसे थोरला भाऊ रॉबर्ट देई, आणि तोहि लोहारच होता. १८१२ सालीं दुकानाच्या एका गिऱ्हाइकानें या मुलाला रॉयल इन्स्टिट्यूशनमधील सर हंफ्रे डेव्हीच्या चार व्याख्यानांचीं तिकिटें दिलीं. त्यानें प्रत्येक व्याख्यानाचें टिपण घेतलें, घरीं येऊन तें स्वच्छ लिहिलें, आकृत्या काढल्या, स्वतःच्या हातानें सारें बांधून काढलें आणि तें पुस्तक डेव्हीकडे पाठवून दिलें. १८१३ च्या मार्चमध्यें डेव्हीच्या प्रयोगशाळेंत त्याची नेमणूक झाली. नोकरीच्या अर्जाबरोबर थोरामोठ्यांचीं शिफारसपत्रें जोडण्याची चाल सर्वत्र आहे. याचें शिफारसपत्र मात्र यानेंच शिवलें होतें.

नोकरीस लागून चार महिनेहि झाले नव्हते, तोंच त्यानें ॲबट नांवाच्या मित्रास व्याख्यानकलेवर लांबलचक पत्रें लिहिलीं. वय एकवीस, आणि स्वतः अजून प्राध्यापकांचीं उपकरणें पुसून मांडणारा! परंतु मागें उभें राहून पाहणाऱ्याला जें दिसतें तें बोलणाऱ्याला दिसत नाहीं. सभागृहांत हवा खेळती हवी. वक्त्यानें श्रोत्यांकडे पाठ करूं नये. कागदावरून वाचूं नये. एक तासाहून अधिक बोलूं नये, असें त्यानें त्या पत्रांतून बजावलें आहे. ही कला जन्मजात असते असें त्याला वाटत नव्हतें. बेंजामिन स्मार्ट नांवाच्या वक्तृत्वशिक्षकाचा त्यानें फी देऊन उपयोग करून घेतला, आणि बोलण्याच्या भरांत गति वाढूं लागे म्हणून ‘हळू’ असें लिहिलेलें एक कार्ड व्याख्यानाच्या वेळीं आपल्यासमोर ठेवविण्याचा परिपाठ ठेवला.

१८२५-२६ च्या सुमारास संस्थेंत दोन उपक्रम सुरू झाले. शुक्रवारच्या सायंकाळचीं व्याख्यानें सभासद व त्यांचे पाहुणे यांच्यासाठीं; नाताळच्या सुटींतील व्याख्यानें मुलांसाठीं. नाताळच्या एकोणीस माला फॅरडेनें एकट्यानें दिल्या, आणि महायुद्धांतील १९३९ ते १९४२ हीं वर्षें वगळतां ती प्रथा अद्याप चालू आहे. शुक्रवारच्या सभांविषयीं मात्र एक गोष्ट मला खटकते. तेथें पुस्तकबांधणी करणाऱ्या एखाद्या पोऱ्याला जावयाचें तर तेव्हांहि कोणी दयाळू गिऱ्हाईकच भेटावें लागलें असतें.

आतां मेणबत्तीकडे वळूं. १८४८ सालीं एकदां आणि १८६०-६१ च्या हिंवाळ्यांत पुन्हां, फॅरडेनें मुलांपुढें सहा सहा व्याख्यानें दिलीं, तीं सारीं एका मेणबत्तीवर. दुसऱ्या खेपेचीं व्याख्यानें विल्यम क्रुक्स यानें संपादून १८६१ सालीं छापलीं, म्हणून तीं आपणांस वाचावयास मिळतात. मेणबत्तींत जळतें काय, हा पहिला प्रश्न. घन मेण काडी लावल्यानें पेटत नाहीं. तें वितळून वातींतून वर चढतें, तेथें त्याची वाफ होते, आणि जळते ती वाफ. हें तोंडानें सांगून फॅरडे थांबत नसे. वांकडी कांचेची नळी ज्योतीच्या मधल्या काळसर भागांत धरून तो ती वाफ बाहेर काढी आणि नळीच्या दुसऱ्या टोंकाशीं पेटवून दाखवी. एका मेणबत्तीच्या दोन ज्योती! आपणांस घरीं नळीची खटपट नको. मेणबत्ती हलकेच फुंकून विझवा. वातींतून एक पांढुरकी रेघ वर जाऊं लागेल. ती मेणाची थिजूं लागलेली वाफ होय. त्या रेघेंत वातीच्या दोन बोटें वर जळती काडी धरा. ज्योत हवेंतून खालीं उडी घेईल आणि वातीवर जाऊन बसेल. खिडकी लावून घ्यावी, आणि काडी वडील माणसाच्या हातीं असावी.

ज्योतीवर बर्फानें थंड केलेलें भांडें धरलें कीं त्याच्या बुडाशीं थेंब सांचत. विस्तवांतून पाणी! पण तें पाणीच कशावरून? हा प्रश्न फॅरडे स्वतःच उभा करी आणि त्या थेंबावर पोटॅशियमचा कण टाकून जांभळी ज्वाला उठवून दाखवी. अखेरच्या व्याख्यानांत तो चुन्याच्या निवळींत तोंडानें हवा फुंकी. निवळी दुधासारखी पांढरी होई. मेणबत्तीच्या ज्योतीवरील हवेनेंहि ती तशीच होत असे. जी हवा मेणबत्ती बाहेर टाकते तीच आपण श्वासाबरोबर टाकतों, हें समजावयास मुलांना मग निराळें व्याख्यान लागत नसे.

इतकें पाहून श्रोत्यांना विचार करण्याची संवय लागली का? हा प्रश्न १८५३ सालीं फारच बोंचक रीतीनें फॅरडेपुढें आला. त्या वर्षीं इंग्लंडांत टेबलें फिरविण्याचें वेड पसरलें. मंडळी लहान टेबलाभोवतीं बसत, तळवे त्यावर ठेवीत, आणि कांहीं वेळानें टेबल सरकूं लागे. कोणी म्हणे ही वीज, कोणी म्हणे चुंबकत्व, कोणी मृतात्म्यांचें नांव घेई. फॅरडेकडे विचारणा करणाऱ्यांची रीघ लागली. प्लँचेटाचा नाद आपल्याकडील सुशिक्षित घरांतूनहि एके काळीं होता, तेव्हां त्या लोकांना हंसण्याचा आपणांस अधिकार नाहीं. फॅरडेनेंहि त्यांची थट्टा केली नाहीं. ज्यांच्या प्रामाणिकपणाविषयीं शंका नाहीं, अशींच माणसें त्यानें प्रयोगास घेतलीं. तळहात आणि टेबल यांच्यामध्यें पुठ्ठ्याचे कांहीं थर ठेवले व थरांमध्यें मऊ चिकण लावलें, म्हणजे जोर लागल्यास ते सरकावे, पण सरकल्याची खूण राहावी. टेबल आपण होऊन निघालें असतें तर खालचा थर पुढें गेला असता. हात ढकलीत असते तर वरचा. वरचाच पुढें गेलेला आढळला. मग त्यानें एक हलकी काडी अशी बसविली कीं हात किंचित् बाजूस रेटूं लागले कीं ती कलावी. काडी झांकलेली असे तोंवर टेबल फिरे. ती मंडळींच्या डोळ्यांपुढें ठेवली कीं आपलाच हात कसा रेटतो हें त्यांना दिसे, आणि टेबल जागचें हलत नसे.

३० जून १८५३ रोजीं त्याचें पत्र ‘टाइम्स’मध्यें छापून आलें. ज्या शिक्षणपद्धतींत लोकांचें मन अशा अवस्थेंत राहतें, तींत कांहीं मोठें वैगुण्य असलेंच पाहिजे, असें त्यानें शेवटीं म्हटलें आहे. ही त्रयस्थाची तक्रार नव्हती. सत्तावीस वर्षें ज्या थरांतील मंडळी शुक्रवारीं त्याच्या प्रयोगांवर खूष होऊन घरीं जात, त्याच थरांतील लोक टेबलें फिरवीत होते. पुढल्या वर्षीं, ६ मे १८५४ रोजीं, राणीचे पति प्रिन्स अल्बर्ट यांच्या समक्ष त्यानें मनाच्या शिक्षणावर व्याख्यान दिलें. माणसास ज्ञान कमी असतें याचें त्याला फारसें दुःख नव्हतें. निर्णय करण्याची शक्ति शिकविलेली नसते, आणि ती शिकविलेली नाहीं हेंहि माणसास ठाऊक नसतें, हें त्याला सलत होतें. आपणांस जें हवें तें खरें मानण्याकडे मन धांवतें; त्याला लगाम घालण्याचा अभ्यास ज्याचा त्यानेंच करावयाचा, आणि पुरावा अपुरा असेल तेथें निर्णय राखून ठेवावयाचा, असें त्याचें प्रतिपादन होतें. या व्याख्यानांत डोळे दिपविणारे प्रयोग नव्हते, म्हणून त्याची आठवण कमी निघते. मला तें मेणबत्तीच्या बरोबरीचें वाटतें.

वृत्तपत्रांतून बोलतांनाहि त्याची रीत तीच राही. ७ जुलै १८५५ रोजीं तो आगबोटीनें टेम्स नदींतून जात होता. पाणी गढूळ तपकिरी, दुर्गंधि असह्य. त्यानें पांढऱ्या कार्डांचे तुकडे केले, ते ओले केले आणि दर धक्क्याला पाण्यांत सोडले. भर उन्हांत, इंचभर खालीं जाण्यापूर्वींच ते दिसेनासे होत. एवढीच हकीकत त्यानें ‘टाइम्स’ला कळविली. नदी म्हणजे उघडें गटार झाली आहे, हें वाचकांना समजावयास रसायनशास्त्राची गरज पडली नाहीं. पार्लमेंट मात्र हललें तें १८५८ च्या उन्हाळ्यांत, जेव्हां ती दुर्गंधि त्याच्या स्वतःच्या खिडक्यांतून आंत शिरली.

शुक्रवारचें त्याचें अखेरचें व्याख्यान २० जून १८६२ रोजीं झालें. विषय होता सीमेन्स यांची गॅसवर चालणारी भट्टी. तो तेव्हां सत्तर वर्षांचा होता, आणि स्मरणशक्ति बरींच वर्षें त्याला दगा देत आली होती. त्या संध्याकाळसाठीं त्यानें काढलेल्या टिपणांत भट्टीच्या मुद्द्यांच्या जोडीला आणखी थोडे मुद्दे आहेत: या जागीं गेलेलीं सुखाचीं वर्षें, आणि आतां आठवत नाहीं म्हणून येथून निवृत्त होण्याची आलेली वेळ.