कर्सर नेला की बटणाचा रंग बदलतो, तो कसा? आणि मोबाइलवर का नाही?

कॉम्प्युटरवर फेसबुक उघडा आणि एखाद्या मित्राच्या नावावर माउसचा कर्सर नेऊन क्षणभर थांबा. क्लिक न करताच एक छोटं कार्ड उघडतं. कर्सर बाजूला नेला की कार्ड गायब. यालाच 'हॉवर' म्हणतात.

हे काम कोण करतं?
वेबपेज कसं दिसावं, याचे नियम सीएसएस या भाषेत लिहिलेले असतात. हॉवरची सोय सीएसएसच्या दुसऱ्या आवृत्तीत, १९९८ साली आली. 'बटण निळं, कर्सर वर असताना गडद निळं' एवढा नियम लिहिला की पुरे. कर्सर कधी आला, कधी गेला, हे ब्राउझर स्वतःच पाहतो.

जावास्क्रिप्टमधून हॉवर द्यायचा असेल तर?
नवशिके थेट त्या बटणालाच रंग देतात. पण तिथे 'कर्सर वर असताना' अशी अट घालताच येत नाही. उलट, थेट दिलेला रंग सीएसएसमधल्या साध्या नियमावर मात करतो आणि आधीचा हॉवरही बंद पडतो. त्यापेक्षा हे मार्ग बरे:

• हॉवरचा नियम एका क्लासच्या नावाने सीएसएसमध्ये आधीच लिहून ठेवा. जावास्क्रिप्टने बटणाला फक्त तो क्लास जोडा. बहुतेक वेळा एवढं पुरतं.
• रंग वापरणारा निवडणार असेल, तर नियमात रंगाच्या जागी सीएसएस व्हेरिएबल ठेवा आणि जावास्क्रिप्टने त्याची किंमत बदला.
• कर्सर आला की एक काम, गेला की दुसरं, असंही सांगता येतं. पण जाताना रंग पूर्ववत करायचं राहिलं, तर बटण तसंच रंगलेलं राहतं.

मोबाइलवर काय होतं?
बोट स्क्रीनवर टेकतं, कर्सरसारखं वर रेंगाळत नाही. त्यामुळे टॅप केल्यावर हॉवरचा रंग लागतो आणि अनेकदा दुसरीकडे टॅप करेपर्यंत तसाच चिकटून राहतो. म्हणून उपकरणाला हॉवर जमतो का, हे सीएसएसमध्येच तपासून मग नियम लावता येतो.

खरा प्रश्न रंगाचा नाहीच. फॉर्ममधली 'फोटो किती केबीचा हवा' ही सूचना फक्त हॉवरमध्ये ठेवली, तर मोबाइलवरून अर्ज भरणाऱ्याला ती बहुधा दिसतच नाही. माउसऐवजी कीबोर्डवरच्या टॅबने पुढे सरकणाऱ्यांचंही तेच. त्यांच्यासाठी 'फोकस'लाही तीच स्टाइल द्या. आणि महत्त्वाची माहिती? ती कायम समोरच दिसू द्या.