पडदे रंगवणाऱ्याचा ‘सावकारी पाश’

सावकाराचा पाश म्हणजे काय, हे यवतमाळ जिल्ह्यात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. पण त्याच नावाचा चित्रपट पार १९२५ साली, पडदा अजून मुका असताना, कोल्हापुरात निघाला होता, हे आपल्याकडे किती जणांना ठाऊक असेल? दिग्दर्शक होते बाबूराव पेंटर.

मूळचे ते बाबूराव मेस्त्री, जन्म १८९०. नात्यातले भाऊ आनंदराव आणि ते दोघे मिळून नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहिला आणि दोघांच्या डोक्यात सिनेमा शिरला. विलायती कॅमेरा परवडणारा नव्हता, तेव्हा तोही घरीच करायचं ठरलं!

हे धाडस केवढं होतं बघा. कॅमेऱ्यात फिल्म सलग सरकत राहिली तर चित्र फिसकटतं, म्हणून ती क्षणभर थांबवावी लागते. त्या थांब्यात शटर उघडून उजेड आत घ्यायचा. शटर मिटलं रे मिटलं की आकड्याने कडेची भोकं पकडून फिल्म बरोबर एका चौकटीएवढी खाली ओढायची, पुन्हा थांबवायची. असं सेकंदाला सोळा-एक वेळा, तेही हाताने हँडल फिरवत. आकडा केसभर इकडचा तिकडे झाला, तर पडद्यावर भीम गदेसकट थरथरणार. असं यंत्र या पडदे रंगवणाऱ्यांनी घडवायला घेतलं. १९१६ साली आनंदराव वारले. पुढे शिष्य विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून बाबूरावांनी कॅमेरा १९१८च्या सुमारास तडीस नेला. त्यांनी काढलेल्या महाराष्ट्र फिल्म कंपनीसाठी भांडवल दिलं गायिका तानीबाई कागलकरांनी.

१९२० साली पुण्याच्या आर्यन थिएटरात ‘सैरंध्री’ लागला. त्यातला कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरची कात्री चालली. लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं. १९२३च्या ‘सिंहगड’साठी त्यांनी विजेच्या दिव्यांच्या उजेडात चित्रण केलं.

बाबूराव कॅमेरा घडवत होते त्याच काळात, तिकडे दूर मॉस्कोत, येवगेनी बाउअर हा दिग्दर्शकही नेपथ्य करता करताच सिनेमात आला होता. १९१३ ते १९१७ एवढ्या अवधीत ऐंशीच्या आसपास चित्रपट काढून तो गेला. एकमेकांचं नावही बहुधा कानावर नसलेले हे दोघे. पण उजेड कुठे पाडायचा आणि अंधार कुठे राखायचा, याची दोघांची जाण रंगमंचावरच तयार झाली होती.

‘सावकारी पाश’ची कथा ना. ह. आपट्यांची. खोट्या कागदाच्या जोरावर सावकार जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. तो तरुण शेतकरी झाला होता व्ही. शांताराम. आपल्याकडचा कापूसही यवतमाळच्या शकुंतला रेल्वेच्या डब्यातून मुंबईकडेच निघायचा, त्यामुळे ही गोष्ट आपल्याला कोल्हापूरची वाटत नाही. देवदेवतांच्या चमत्कारांना सरावलेल्या प्रेक्षकांनी मात्र तिच्याकडे पाठ फिरवली. माझ्या मते चूक प्रेक्षकांची. बाबूराव काळाच्या फार पुढे होते. हट्टही असा की १९३६ साली त्यांनी तीच गोष्ट बोलपटात पुन्हा सांगितली. अंधारात बुडालेली एक झोपडी आणि कुत्र्याचं विव्हळणं, एवढाच त्यातला एक प्रसंग निर्माते जे. बी. एच. वाडिया पुढे कित्येक वर्षं विसरू शकले नाहीत.

त्याआधीच, १९२९ साली, दामले, फत्तेलाल, शांताराम वगैरे शिष्यमंडळी कंपनीतून बाहेर पडली आणि त्यांनी ‘प्रभात’ काढली. गुरूची कंपनी त्यानंतर फार तग धरू शकली नाही. बाबूराव १९५४ साली गेले.

मूकपटातला ‘सावकारी पाश’ आज पाहायला मिळत नाही. पण बाबूरावांच्या १९२७च्या ‘मुरलीवाला’ आणि ‘सती सावित्री’ची रिळं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जपलेली आहेत. आपल्या जिल्ह्यातल्या एखाद्या कॉलेजने किंवा फिल्म सोसायटीने त्यांच्या खेळासाठी संग्रहालयाला पत्र घालावं.